मूळ फाईल काढली का, बाबा?

३ नोव्हेंबर, सोमवार

जागा संपली! कॉम्प्युटर म्हणतो, जागा शिल्लक नाही. कौशल्या म्हणते, तुमच्या पेटाऱ्यामुळे हॉलमध्येही नाही. दोघांचं एकमत व्हायला नेमका हाच मुहूर्त सापडला.

पेटारा म्हणजे माझं गेमचं मशीन. इतर सुना पाडव्याला सासऱ्याला मफलर देतात, फारच जीव असला तर बीपी मोजायचं यंत्र. आमच्या राजनंदिनीने तळहातावर मावेल एवढा कॉम्प्युटर दिला, दोन जॉयस्टिक दिल्या आणि म्हणाली, "बाबा, घ्या. तुमचं दुकान परत." मोरीत जाऊन तोंड धुऊन आलो. कौशल्या म्हणाली, "साबण गेला का डोळ्यात?" सगळं कळतं, वर विचारते!

मग मी कसब्यातल्या सुताराकडून लाकडी पेटारा करून घेतला. जुन्या मशीनच्या निम्म्या उंचीचा, कारण हॉलमध्ये सोफाही आहे आणि कौशल्याही आहे.

दुकान म्हणजे कसबा पेठेतलं 'उत्तरेश्वर व्हिडिओ गेम्स'. बार्शीहून येऊन कंपनीत लागलो होतो, कंपनी बंद पडली, तेव्हा गाळा घेऊन गेमची मशिनं टाकली. लोक म्हणाले, पोरं बिघडतील. एकही बिघडलं नाही. निदान माझ्या दुकानात तरी नाही. घरोघरी मोबाईल आले तसं बंद केलं. अजून त्या गल्लीत कुणीतरी हाक मारतं— ओ गेमवाले काका!

आता मशीन आहे, गेम आहेत, पण फायलींचा उकिरडा झालाय. एकाच गेमच्या सहा-सहा फायली. नावं अशी, की वाचताना जीभ अडखळावी. राजनंदिनीने पेन ड्राइव्ह भरून आणला आणि मी तो पोतं ओतावं तसा ओतला. आता निवडत बसतो.

५ नोव्हेंबर, बुधवार

राजनंदिनीने ऑफिसातून आल्यावर शिकवलं. चहासुद्धा नंतर घेतला.

एका गेमच्या पुष्कळ आवृत्त्या असतात. एक मूळ. बाकीच्या तिच्यावरून निघालेल्या— जपानची वेगळी, अमेरिकेची वेगळी, आणि मशीनच्या आत बसवायच्या, कुणीतरी चोरून केलेल्या डुप्लिकेट बोर्डाची आणखी वेगळी. त्या ठेवायच्या तीन पद्धती. मर्ज्ड म्हणजे सगळ्या आवृत्त्या एकाच झिपमध्ये, म्हणजे एकाच गाठोड्यात, कोंबायच्या. स्प्लिट म्हणजे निघालेल्या आवृत्तीत फक्त तिचं वेगळं असेल तेवढंच ठेवायचं, उरलेलं चालू करताना ती मूळ फाईलकडून घेते. नॉन-मर्ज्ड म्हणजे प्रत्येक झिप आपापली पूर्ण, कुणाकडे काही मागायला जायला नको. पण तसं केलं की तेच ते सामान दहा ठिकाणी साठतं.

मी म्हटलं, डब्यात सांग. म्हणाली, "मर्ज्ड म्हणजे एकच मोठा डबा, सगळे त्यात हात घालणार. स्प्लिट म्हणजे भाजी तुमच्या डब्यात आणि पोळ्या आईंच्या डब्यात. नॉन-मर्ज्ड म्हणजे ज्याच्या त्याच्या डब्यात भाजी-पोळी."

"मग स्प्लिट," मी म्हटलं. "जागा वाचते."

"आणि आई डबा घेऊन बार्शीला गेल्या तर?"

"मग कोरडी भाजी खाऊ!"

हसली. बऱ्याच दिवसांनी हसली, असं कौशल्या नंतर म्हणाली. मला तर ती रोजच्यासारखीच वाटली.

८ नोव्हेंबर, शनिवार

राजनंदिनीबरोबर तपकीर गल्लीत, इलेक्ट्रॉनिक्सच्या बाजारात. मशीनला बटणं पाहिजे होती. दुकानदाराने मऊ बटणं दाखवली. मी दाबून परत केली. मऊ बटणावर पोरगं मनसोक्त आपटू शकत नाही, आणि आपटता आलं नाही तर हरल्याचं दुःख जातं कुठे? दुकानदार म्हणाला, "आजोबा, तुम्हाला कशाला, नातवालाच ना?" मी म्हटलं, "नातू नाही, मीच आपटणार आहे." राजनंदिनी तिकडे तोंड करून उभी राहिली. मला वाटलं हसतेय.

तिच्या लग्नाला सात वर्षं झाली. नातवाचा विषय आम्ही काढत नाही. आज त्या माणसाने काढला.

अभिनव आला नाही. त्याला कॉल होता. शनिवारी कसला कॉल असतो, मी विचारलं. "असतो, बाबा," म्हणाली. नवऱ्याची बाजू घ्यायची सवय चांगली आहे तिला. आमच्या घरात कुणाला नाही.

११ नोव्हेंबर, मंगळवार

स्प्लिटच! ठरलं. एकच वस्तू दोनदा ठेवणं हा माज आहे.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

नावांचं काम. या गेमची खरी नावं मला कधीच माहीत नव्हती. दुकानात नावं पोरं ठेवत. पुलावरची मारामारी. जीपवाला. चेटकीण. आडवं विमान, उभं विमान. एक होता 'दामले सर'— त्यातला व्हिलन कुणाच्या तरी गणिताच्या सरांसारखा दिसायचा म्हणून. तो खेळायला फार गर्दी!

राजनंदिनी म्हणाली, पडद्यावर तुमचीच नावं येतील असं करू. मी सांगत गेलो, ती टाइप करत गेली. 'दामले सर' टाइप करताना तिला हसू आवरेना. मग फाईल कशी उघडायची, बिघडली तर काय बघायचं, हे मला तीनदा करायला लावलं. चौथ्यांदा चिडलो. "तू आहेस ना घरात! मी कशाला घोकू?"

"मी नसले तरी अडायला नको, बाबा."

शिस्तीची आहे. सॉफ्टवेअर तपासायची नोकरी, त्यातून येते ती शिस्त. अभिनवही कॉम्प्युटरमधलाच, पण त्याला विचारलं की म्हणतो, "बाबा, वीकेंडला बघू." त्याचा वीकेंड अजून उजाडायचा आहे.

१६ नोव्हेंबर, रविवार

आज सगळी सफाई केली. एकट्याने. कुणाला विचारलं नाही!

दुकानात माझा नियम होता— जे मशीन पोरं खेळत नाहीत ते उचलायचं. रिकामं मशीन शेजारच्या मशीनचाही पायगुण घालवतं. तोच नियम इथे लावला. पुण्यात ज्या आवृत्तीला कुणी कधी हात लावला नाही, ती काढून टाकली. जपानची काढली. मूळ म्हणवणाऱ्याही काढल्या. आपल्याकडे दिल्लीहून यायचे ते डुप्लिकेट बोर्ड. मूळ इथे पाहिलंय कुणी? डुप्लिकेट तेवढ्या ठेवल्या. 'पुलावरची मारामारी'ची एकच फाईल राहिली, आपली, हिरव्या रुमालवाली. मूळ गेममध्ये गड्याचा रुमाल लाल आहे. दिसायला बरा आहे, पण आपला नाही.

जागाच जागा झाली. कौशल्याला बोलावून दाखवली. म्हणाली, "आता तशीच हॉलमध्ये करा."

१९ नोव्हेंबर, बुधवार

मार्केट यार्डात गूळ आणायला गेलो होतो. गाळ्यावरून हाक— "गेमवाले काका!" रविराज! शाळा सोडून माझ्या दुकानात पडलेला असायचा. आता कांद्याची आडत आहे, पोट सुटलंय, गळ्यात साखळी. मला हमालांसमोर वाकून नमस्कार केला. हमालांना वाटलं मी कुणी महाराज आहे.

मशीनचं सांगितलं. म्हणाला, "पुलावरची मारामारी आहे? हिरवा रुमाल? रविवारी येतो, काका! नाही म्हणू नका." नाही कोण म्हणतंय!

२३ नोव्हेंबर, रविवार

फजिती. जन्मभर पुरेल एवढी.

रविराज पेढे घेऊन आला. बायकोला सांगून आला होता, म्हणे, एका मयताला जातोय. बाह्या सरसावून मशीनसमोर बसला. मी 'पुलावरची मारामारी' लावली. पडदा काळा. पुन्हा लावली. इंग्रजीत काहीतरी दोन ओळी आणि परत काळा. 'दामले सर' लावले— तेही गैरहजर. एकही गेम उघडेना! गेल्या आठवड्यापर्यंत सगळं धावत होतं. अभिनव गॅलरीत फोनवर. खूण केली, त्याने हाताने 'पाच मिनिटं' दाखवलं. राजनंदिनी सकाळपासून मैत्रिणीकडे गेलेली. तिला फोन केला.

मी बोलायच्या आत विचारलं, "मूळ फाईल काढली का, बाबा?"

"कोणती मूळ? ती तर कुणी खेळतच नाही!"

"खेळत नाही. पण तुमची फाईल तिच्या जिवावर चालते. आपण स्प्लिट केलंय ना. तुमच्या फाईलमध्ये फक्त हिरवा रुमाल आहे, बाबा. बाकी गडी मूळ फाईलमध्ये आहे."

मी खाली बसलो. गडी फेकून रुमाल जपून ठेवला होता! रविराज हसून हसून लाल झाला. मी पण हसलो, दुसरं करतो काय.

तासाभरात राजनंदिनी आली. रिक्षाने. चप्पल काढली आणि थेट मशीनपाशी. सगळ्या फायलींची एक प्रत तिने आधीच दुसरीकडे जपून ठेवली होती. मला न सांगता! "तुम्ही सफाई करणार हे माहीत होतं," म्हणाली. परत घातल्या, आणि आला हिरवा रुमाल! दुसऱ्या पुलावर संगीत बंद पडलं, जसं दुकानात पडायचं, तसंच. रविराज ओरडला, "हेच! काका, हेच! इथे गप्प होतं! आम्ही सगळे तोंडाने वाजवायचो!" आणि तो कांद्याचा व्यापारी माझ्या हॉलमध्ये बसून तोंडाने ढँ-ढँ-ढँ करायला लागला. मीही लागलो. कौशल्या स्वयंपाकघरातून बघत होती. दुपारी जेवून मी जरा पडायचो तेव्हा गल्ल्यावर तीच बसायची, तिलाही ते ढँ-ढँ पाठ. तीही वाजवू लागली.

एवढा आनंद मला बऱ्याच वर्षांत झाला नव्हता. लिहायला कसली लाज.

रविराज जाताना म्हणाला, बिबवेवाडीत बिल्डिंग बांधलीय, कुणी भाडेकरू असला तर सांगा, चांगल्या घरचा पाहिजे. राजनंदिनीने त्याचा नंबर घेतला. मैत्रीण घर शोधतेय, म्हणाली.

२४ नोव्हेंबर, सोमवार

नॉन-मर्ज्ड करायचं ठरलं. मी म्हटलं, जागा खाईल. राजनंदिनी म्हणाली, "खाऊ द्या. पण मग कुठलीही फाईल उचलून कुठेही नेली तरी चालते. कुणावाचून अडत नाही." मी म्हटलं, अडलं तर काय बिघडतं? एकमेकांवाचून अडतं म्हणून तर माणसं एका घरात राहतात. ती उठली. मग म्हणाली, "चहा टाकू?"

कौशल्या आतून म्हणाली, "फाईल ती फाईल आणि माणूस तो माणूस. लगेच कीर्तन नको."

२७ नोव्हेंबर, गुरुवार

मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. कौशल्याने घट मांडला. राजनंदिनी अर्धी रजा घेऊन आली, पाच फळं, विड्याची पानं सगळं आणलं. कथा तिनेच वाचली. तिचा आवाज फार गोड आहे. बातमी वाचली तरी ऐकावीशी वाटेल. नैवेद्याला पुरणपोळी. अभिनव जेवायला आला नाही. क्लायंट आलेत म्हणे.

त्याचं ताट झाकून ठेवलं. राजनंदिनीने नाही, कौशल्याने.

३० नोव्हेंबर, रविवार

फायली एकेक करून पूर्ण करणं चालू. प्रत्येक आवृत्तीत मूळचं सगळं भरायचं, मग चालवून बघायची. राजनंदिनी शेजारी बसते. चेटकीण, जीपवाला, दोन्ही विमानं तपासून झाली. मधेच ती हरली की बटणावर अशी आपटते! मी म्हटलं, बघ, मऊ बटणं घेतली असती तर?

आज तिला जिंकू दिलं नाही. दुकानाचा मालक आहे मी.

२ डिसेंबर, मंगळवार

रविराजचा फोन. आवाज खूश. "काका, सूनबाईंना वन बीएचके आवडला! तुमच्या घरची माणसं म्हणून मी दुसऱ्या कुणाला दाखवतच नाही. पंधरवड्यात रंग देऊन टाकतो. एकट्याच राहणार म्हणाल्या, ते बरंय, सोसायटीत शांतता आहे."

मी म्हटलं, हो. हो, हो, बरं. फोन ठेवला.

मैत्रीण नव्हतीच.

३ डिसेंबर, बुधवार

कौशल्याला सांगितलं. तिने पोळी लाटायची थांबवली नाही. म्हणाली, "मला वाटलंच होतं. दिवाळीपासून अभिनव हॉलमध्ये झोपतो. तुम्हाला दिसलं नाही?"

दिसलं होतं. मला वाटलं, परदेशातले कॉल असतात म्हणून. मीच त्याला जाड गादी काढून दिली. वर म्हटलं, पाठ धरेल!

"आणि तू बोलली नाहीस?"

"बोलले असते तर तुम्ही त्याच दिवशी घर डोक्यावर घेतलं असतं. ती पोर स्वतः सांगेल म्हणून थांबले." लाटणं तेवढं जोरात आपटलं.

६ डिसेंबर, शनिवार

आज राजनंदिनीने सांगितलं. मशीनसमोर बसलो होतो, फायली कॉपी होत होत्या. पडद्यावर हिरवी पट्टी हळूहळू सरकत होती. मला तिच्याकडे बघवेना, तिला माझ्याकडे, म्हणून दोघं त्या पट्टीकडे बघत बसलो. मीच विचारलं, "बिबवेवाडीचं पाणी कसं आहे?"

ती म्हणाली, "रविराजदादा बोलले वाटतं."

अभिनवचं दुसऱ्या एका मुलीवर प्रेम आहे. ऑफिसातलीच. वसुबारसेच्या दिवशी त्याने राजनंदिनीला सांगितलं. माफी मागितली, रडला, पण त्या मुलीला सोडणार नाही म्हणाला. घटस्फोट हवाय. आईबाबांना तूच सांग, असंही म्हणाला! माझा मुलगा! वसुबारसेला हे ऐकून ही मुलगी पाडव्याला माझ्यासाठी दुकान घेऊन आली. मी तोंड धुवायला पळालो, आणि ती? तिने तेव्हा कुठे तोंड धुतलं असेल!

"दिवाळीत सांगणार होते. पण तुम्ही इतके खूश होतात," म्हणाली. "म्हटलं, मशीन पूर्ण होऊ दे. तुम्हाला सगळं एकट्याने चालवता आलं की जाईन."

मी विचारलं, लातूरला भावाकडे का नाही? म्हणाली, भावाच्या घरात भावाचं कुटुंब आहे, तिथे पाहुणी म्हणून दोन दिवस बरं. मी विचारलं, मग इथे का नाही राहत? तर हसली. असं हसू माणसाने बघू नये. "घर तुमचं, मुलगा तुमचा. जायचं म्हटल्यावर मीच जायचं ना, बाबा. अशीच रीत असते."

पट्टी भरली तसं मशीन बंद केलं.

७ डिसेंबर, रविवार

मशीन लावलं नाही.

९ डिसेंबर, मंगळवार

अभिनवशी बोललो. म्हणजे ओरडलो. तो म्हणाला, "बाबा, इट्स कॉम्प्लिकेटेड." मी म्हटलं, मराठीत सांग. मराठीत त्याला सांगता आलं नाही. खाली मान घालून बसला. लहानपणी दुकानात पोरांना फुकट गेम लावून द्यायचा आणि मी बघितलं की असाच बसायचा. राग आला, आणि केसांतून हात फिरवावासा पण वाटला. फिरवला नाही.

तो वाईट मुलगा नाही. पण वाईट वागलाय. ह्या दोन्ही गोष्टी एकदम डोक्यात राहत नाहीत माझ्या.

११ डिसेंबर, गुरुवार

तिसरा गुरुवार. राजनंदिनी कथा वाचायला बसेना. दाराशीच उभी. "आई, मी आता वाचणं बरं नाही. श्यामलाकाकूंना बोलवा." श्यामलाबाई शेजारच्या. आणि कौशल्या! तिने पोथी हिच्या हातात दिली, पाट पुढे सरकवला. "श्यामला नाकात वाचते. लक्ष्मी उठून जाईल. बस."

बसली. वाचली. मधे आवाज गेला, थांबली, पुन्हा वाचली. कौशल्याने शेवटी तिला हळदीकुंकू लावलं, ओटीत फळ घातलं आणि तिचं तोंड आपल्या पदराने पुसलं. मी गॅलरीत जाऊन तुळशीला पाणी घातलं. सकाळी एकदा घातलं होतं.

१३ डिसेंबर, शनिवार

फायली सगळ्या पूर्ण झाल्या. एक मेमरी कार्ड विकत आणलं आणि राजनंदिनीसाठी सगळे गेम त्यावर उतरवले. तिच्या घरी कशालाही लावले तरी चालतील. मूळ फाईल लागणार नाही, मी लागणार नाही, कुणी लागणार नाही. काम चोख झालंय. चोख काम झाल्यावर बरं वाटायला पाहिजे होतं.

स्पष्टच लिहितो. ही मुलगी जायला नको आहे मला. सात वर्षांत ती मला एकदाही उलट बोलली नाही असं नाही, पुष्कळदा बोलली, आणि बरोबर बोलली. मला शिकवताना कधी तिचा आवाज चढला नाही. मला मुलगी नव्हती, हे ती आल्यावर मी विसरलो होतो. आता परत आठवावं लागणार.

कार्ड दिलं. तिने मुठीत धरलं. "दामले सर पण आहेत ना?" म्हणाली. मी म्हटलं, पहिलेच.

१६ डिसेंबर, मंगळवार

कौशल्याने माझ्या फोनमधून रविराजचा नंबर उतरवून घेतला. "कशाला?" म्हटलं. "कांदे पाहिजेत." बाल्कनीत कांद्यांचं अख्खं पोतं आहे.

१७ डिसेंबर, बुधवार

संध्याकाळी कौशल्याने मला घराबाहेर काढलं. "कसबा गणपतीला जाऊन या. सावकाश या." मी म्हटलं, आज चतुर्थी नाही. म्हणाली, "गणपतीला चालतं."

गेलो. गल्लीतून चाललो, जुन्या गाळ्यापाशी थांबलो. तिथे आता केक मिळतो. परत आलो तर अभिनव आमच्या खोलीत, राजनंदिनी तिच्या, दोन्ही दारं लावलेली. कौशल्या एकटी मेथी निवडत बसलेली. डोळे लाल.

"काय ठरलं?"

"रविवारी टेम्पो येतोय."

"एवढ्यात?"

"कशाला लांबवायचं. रंग देऊन झालाय."

आणखी विचारलं तर म्हणे, "तुमच्या पोटात काही राहत नाही. रविवारपर्यंत गप बसा की." आयुष्यभर अशीच गप बसवत आली आहे.

१९ डिसेंबर, शुक्रवार

खोके आले. बेडरूमचं दार बंद, आत चिकटपट्टी ओढल्याचा आवाज. मला तो आवाज ऐकवेना. मशीनचा आवाज मोठा करून ठेवला. खेळलो नाही, नुसतं चालू.

२० डिसेंबर, शनिवार

राजनंदिनी येऊन शेजारी बसली. "बाबा, रागावलात का माझ्यावर?" मी म्हटलं, तुझ्यावर कशाला रागावू? तर म्हणाली, "उद्या रागवाल कदाचित. आईंचं ऐकलं मी." मला अर्थ लागला नाही. टेम्पो एकदाचा निघू दे, मनात म्हटलं, असं रोज थोडं थोडं मरणं नको.

मग दोघं पुलावरची मारामारी खेळलो. संगीत बंद पडलं तिथे कुणीच तोंडाने वाजवलं नाही.

२१ डिसेंबर, रविवार

टेम्पो आला. खोके निघाले. वरच्या खोक्यावर अक्षर अभिनवचं. आत त्याचे कपडे, त्याचे बूट, त्याचं सगळं. बिबवेवाडीच्या वन बीएचकेत तो राहायला गेला. कौशल्याला रविराजकडून कांदे कशाला हवे होते ते आता कळलं.

मला गणपतीला धाडून कौशल्या त्याला म्हणाली होती, "सोडून तू चाललायस. मग घरातून तूच जायचंस. ती का?" एवढंच.

मी त्याची बॅग खाली नेली. "राहू द्या, बाबा." राहू दिली नाही. टेम्पोपाशी त्याच्या केसांतून हात फिरवला. माझाच आहे.

राजनंदिनी म्हणाली, तीन महिने राहून बघते, मग माझं मी ठरवेन. म्हटलं, ठरव. आत्ता दोघी मंडईत गेल्यात. मला वांगी निवडायची अक्कल नाही म्हणून घरीच ठेवलंय.